वाटणीच्या दाव्याची मुदत: फोर्टमधल्या वकीलबाई, सव्वा तास, अडीच हजार रुपये, साडेचार स्टार

वकिलाचा रिव्ह्यू कोण लिहितं, असं बायको म्हणाली. पण आपण अडीचशे रुपयांच्या थाळीवर चार परिच्छेद खरडतो आणि अडीच हजार मोजून सव्वा तास बसून आलो त्यावर काहीच नाही, हे काही मला पटेना. शिवाय मुंबईत निम्म्या घरांत गावच्या जमिनीवरून काहीतरी धुमसत असतं, आणि गणपतीला गाडी निघाली की ते वर येतं. म्हणून लिहितोय. लांबलंय, सांभाळून घ्या.

बाईंचं नाव आणि पत्ता टाकणार नाही हे आधीच सांगतो. वकिलांना जाहिरात करायला बार कौन्सिलची बंदी आहे, मी कौतुक करायचो आणि बालंट त्यांच्यावर यायचं. हुतात्मा चौकाच्या मागची एक गल्ली, जुनी बिल्डिंग, जाळीची लिफ्ट (बंद), तिसरा मजला, एवढं पुरे.

काम आत्याचं होतं. राजापूर तालुक्यात आजोबांचं घर आहे, थोडी भातशेती आणि सव्वीस हापूसची कलमं. आजोबा १९९८ ला गेले, मृत्युपत्र वगैरे काही नाही. आजी २००४ ला गेली. मागे तीन मुलगे आणि एक मुलगी, माझे बाबा थोरले, मग आत्या, मग दोन काका. १९९९ ला सातबाऱ्यावर वारस नोंद झाली ती तिघा भावांची. आत्याचं नावच नाही. ती १९८६ ला लग्न होऊन लालबागच्या चाळीतून विक्रोळीला गेलेली, ती कशाला राजापूरच्या तलाठ्याकडे जाऊन चौकशी करतेय. आणि त्या वारसांच्या जबाबावर माझ्या बाबांची पण सही आहे. बाबा आता नाहीत, पण सही आहे, आणि हे लपवून रिव्ह्यू लिहिण्यात काही अर्थ नाही.

मागच्या वर्षी धाकट्या काकांनी कलमांसकट जमीन कोणाला तरी विकायची बोलणी सुरू केली असं कानावर आलं. आत्या एवढंच म्हणाली, "अरे मला त्यातलं काही नको होतं, पण विचारायचं तरी." आणि दोन दिवसांनी परत फोन करून म्हणाली, "नको कशाला, हवंय मला. बघ काय होतंय ते."

मी काय केलं तर आधी स्वस्तातले दोन पर्याय बघितले. त्यांचा पण रिव्ह्यू याच्यातच उरकतो.

एक ॲप. ४९९ रुपयांत अर्धा तास वकील व्हिडिओवर. पलीकडचा मुलगा गोड बोलणारा, पण त्याने आजोबा कधी गेले एवढंच विचारलं, मी १९९८ सांगितलं आणि त्याने तिथल्या तिथे निकाल दिला की तीन वर्षांत दावा करायला पाहिजे होता, मुदत गेली, आता सेटलमेंट करा, आमचं सेटलमेंटचं पॅकेज आहे. अर्ध्या तासातली अकरा मिनिटं झाली होती. उरलेली एकोणीस मिनिटं पॅकेजची. एक स्टार, तो पण आवाज स्पष्ट येत होता म्हणून.

दुसरा आमच्या भांडुपचा एक एजंट, जमिनीची कामं करतो, चहा पाजतो. त्याचं म्हणणं एकदम उलटं, "वाटणीला मुदतच नसते हो, वडिलोपार्जित आहे ना, पन्नास वर्षांनी पण मागता येते, आरामात करा." ऐकायला इतकं गोड की मी आत्याला फोन करून सांगून पण टाकलं. ती म्हणाली मग गणपतीनंतर बघू. बरं झालं तिने नुसतं ऐकून सोडून दिलं नाही, तिच्या शेजारणीच्या सुनेने या वकीलबाईंचा नंबर दिला.

तर बाई.

वेळ साडेपाचची दिलेली, कोर्ट सुटल्यावर. सीएसएमटीला उतरून चालत गेलो, आत्याच्या हातात प्लॅस्टिकच्या पिशवीत बिस्किटांचा जुना पत्र्याचा डबा, त्यात सगळे कागद. तीन मजले चढून गेलो तर बाहेर लाकडी बाकडं आणि बाकड्यावर आमच्याआधी तिघं. पन्नास मिनिटं बसलो. पंखा होता पण तो फक्त कोपऱ्यातल्या फायलींना वारा घालत होता. एक तास आधी फोन करून उशीर होतोय सांगितलं असतं तर त्रेसष्ट वर्षांच्या बाईला गुडघ्यांसकट बाकड्यावर बसावं लागलं नसतं. अर्धा स्टार इथे गेला.

आत गेल्यावर बाईंनी पहिल्यांदा मला विचारलं, तुम्ही कोण.

म्हटलं पुतण्या.

"थोरल्या भावाचे चिरंजीव? वडील आहेत?"

म्हटलं २०१८ ला गेले.

"म्हणजे सातबाऱ्यावर आता तुमचं नाव." हो म्हटलं, माझं, आईचं आणि बहिणीचं. "मग तुम्ही प्रतिवादी. बाहेर बसा."

मला आधी वाटलं गंमत करतायत. नव्हत्या करत. त्यांनी सांगितलं की वाटणीच्या दाव्यात सगळ्या हिस्सेदारांना पक्षकार करावंच लागतं, एकाला जरी वगळलं तरी दावा अडतो, त्यामुळे आत्या वादी झाली की मी आपोआप समोरच्या बाजूला, मी कितीही तिच्या बाजूचा असलो तरी. आणि माझ्यासमोर ती मोकळं बोलेलच असं नाही. आत्या म्हणाली अहो तो माझाच आहे. बाई म्हणाल्या, "तुमचे भाऊ पण तुमचेच होते." मी उठलो आणि बाहेर जाऊन बसलो. खरं सांगू, राग आला, फी मी भरणार होतो. पण त्या बाकड्यावर बसल्या बसल्याच कळलं की ॲपवाल्या मुलाने मी कोण हे विचारलंच नव्हतं. मी सगळी माहिती काढून काकांना दिली असती तर?

बाहेर एक दादरचे गृहस्थ होते. त्यांची वेगळीच कथा, वडिलांचा फ्लॅट, सोसायटीत नॉमिनी भाऊ, भाऊ म्हणतो नॉमिनी मी म्हणजे फ्लॅट माझा. बाईंच्या ज्युनियरने त्यांना माझ्यासमोरच समजावलं की नॉमिनी म्हणजे सोसायटीने तात्पुरतं कोणाशी व्यवहार करायचा तो माणूस, मालकी वारसांचीच. त्यांनी दावा आधीच लावलेला होता दुसऱ्या वकिलाकडून, १० कोटींपर्यंतचे दावे आता सिटी सिव्हिल कोर्टात जातात (आधी ही मर्यादा १ कोटी होती, २०२४ पासून वाढली) तर तिथे. पण लिस पेंडन्सची नोटीस रजिस्टर केली नव्हती. बृहन्मुंबईतल्या मिळकतीला ही भानगड आहे, दावा चालू आहे एवढ्याने भागत नाही, दावा चालू असल्याची नोटीस रजिस्टर करावी लागते, नाहीतर मध्येच फ्लॅट विकला तर घेणारा म्हणतो मला काय माहीत. गृहस्थांचा चेहरा पडला. मी त्यांना पाणी दिलं.

पंचवीसेक मिनिटांनी मला आत बोलावलं. आत्याला विचारून. "कायदा काय आहे ते यांच्यासमोर सांगायला हरकत नाही, तुमचं काय ते तुमच्यापाशी," असं बाई म्हणाल्या. आता आतमध्ये काय झालं ते आत्याने मला परतीच्या गाडीत सगळं सांगितलंच, भायखळा यायच्या आत. आणि हे सगळं तिला विचारूनच लिहितोय, काकांनी वाचलं तरी आता फरक पडत नाही, का ते शेवटी येईल.

टेबलावर एक कागद होता. त्या दिवशीच्या बोर्डाचा (कोर्टातल्या केसेसच्या यादीचा) पाठकोरा कागद, त्यावर बाईंनी उभी रेघ मारलेली आणि रेघेवर तारखा. १९८६ लग्न. १९९८. १९९९ नोंद. २००४. २००५. २००९. २०१६. आत्याच्या अख्ख्या आयुष्याची एक वीतभर रेघ. आणि २०१६ भोवती दोनदा गोल केलेला.

झालं असं होतं की बाईंनी आत्याला एकच प्रश्न फिरवून फिरवून विचारला होता. तुम्हाला पहिल्यांदा 'नाही' कोण म्हणालं आणि कधी? आजोबा कधी गेले हा प्रश्न नाही, नोंद कधी झाली हा पण नाही, तुमचा इथे काही संबंध नाही हे तोंडावर कधी ऐकलंत. आत्या म्हणे आधी गप्प बसली. मग म्हणाली, गौरी जेवल्या त्या दिवशी. कुठल्या वर्षी? तिचा नातू झाला त्या वर्षी. बाईंनी फोनवर २०१६ चं कॅलेंडर काढलं, त्या वर्षी गणपती ५ सप्टेंबरला बसले होते. त्या गणपतीत आत्या दरवर्षीसारखी गेली, माजघरालगतच्या खोलीत तिची वळकटी असायची, तर खोलीला कुलूप. विचारलं तर धाकटे काका पडवीत चार माणसांसमोर म्हणाले, तुझा इथे काय संबंध, लग्नात दिलं तेवढं बास झालं. ती तीन दिवस शेजाऱ्यांकडे राहिली आणि विसर्जनाच्या आधीच एसटीने परत आली. आम्हाला कोणाला काही बोलली नाही. तिने मला गाडीत सांगितलं तेव्हा नऊ वर्षं झाली होती त्याला, मला तेव्हा पहिल्यांदा कळलं. बाबा त्या पडवीत होते. गप्प बसले होते.

आता कायदा, मला जेवढा कळला तेवढा. मी वकील नाही, चुकलो तर वकिलाला विचारा.

मुदतीचा कायदा १९६३ चा, त्याला मागे एक लांबलचक तक्ता जोडलाय आणि कुठल्या दाव्याला किती वर्षं ते त्यात आहे. एकत्र कुटुंबाच्या मिळकतीतून ज्याला वगळलं त्याने हिस्सा मागायचा तर आर्टिकल ११०, बारा वर्षं. पण बारा कधीपासून? वगळलंय हे *त्याला कळलं* तेव्हापासून. मालकी हक्कावरून ताबा मागायचा तर आर्टिकल ६५, ती पण बारा, समोरच्याचा ताबा तुमच्या हक्काच्या विरुद्ध झाला तिथून. ॲपवाल्याचे तीन वर्षं कुठून आले, तर आर्टिकल ११३ म्हणून एक आहे, ज्या दाव्याला दुसरीकडे कुठेच जागा नाही त्याला तीन वर्षं. वाटणीला जागा आहे, मग तिकडे जायचं कारण नाही.

आणि एजंटाचं 'मुदतच नसते' हे पण पूर्ण खोटं नाही, तेच तर डेंजर आहे. जोपर्यंत मिळकत एकत्र आहे आणि कोणी कोणाला नाकारलेलं नाही, तोपर्यंत वाटणी मागायचा हक्क रोज नव्याने असतो. एका भावाचा ताबा तो सगळ्यांच्या वतीने ताबा, सुप्रीम कोर्ट १९५७ पासून हे सांगतंय. काका तिथे राहिले, आंबे विकले, घरपट्टी भरली, एवढ्याने आत्याचा हक्क जात नाही. पण ज्या दिवशी उघडपणे नाही म्हटलं आणि तिला कळलं त्या दिवशी घड्याळ सुरू. एजंट त्या दिवसाबद्दल बोललाच नाही, कारण त्याने विचारलाच नाही.

आर्टिकल ११० का ६५ यावर वकिलांमध्ये वाद होऊ शकतो, बाई म्हणाल्या, पण दोन्हीकडे बाराच, त्यामुळे आपण २०१६ चा सप्टेंबर धरून २०२८ चा सप्टेंबर मानू, आणि खरं तर २०२७ च मानू. मी हुशारी दाखवली, मॅडम कोविडची वर्षं पण मिळतात ना? सुप्रीम कोर्टाने १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हा काळ मुदतीतून वगळलाय हे खरंच आहे. बाई म्हणाल्या, "मिळाली तर दिवाळी. त्याच्यावर घर बांधू नका."

मी म्हटलं उशीर झालाच तर माफीचा अर्ज करता येतो ना, चित्रपटात करतात. नाही येत. कलम ५ चा उशीर माफीचा अर्ज अपिलाला आणि अर्जांना आहे, मूळ दाव्याला नाही. आणि समोरच्या वकिलाने मुदतीचा म सुद्धा काढला नाही तरी जजला स्वतःहून बघावं लागतं, कलम ३. दाव्याच्या कागदावरूनच मुदत गेलेली दिसली तर दावा दारातच परत. म्हणून 'दाव्यास कारण' हा परिच्छेद कोणाकडूनही कॉपी-पेस्ट करून घ्यायचा नाही, त्यात जी तारीख लिहाल तिच्यावर सगळं उभं राहतं नाहीतर आडवं. आणि मुदत संपली की नुसता दावा जात नाही, जमिनीवरचा हक्कच संपतो, कलम २७. आमच्याकडे कलमं म्हणजे हापूसची, बाईंकडे ही असली.

हे सगळं सुरळीत वाटलं ना, मग बाईंनी टाचणी लावली. काका काय म्हणतील? काका म्हणतील १९९९ लाच नोंद झाली, तिला तेव्हाच माहीत होतं, म्हणजे बारा वर्षं २०११ लाच संपली. सातबाऱ्याची नोंद महसुलासाठी असते, तिच्याने मालकी मिळत नाही आणि जात पण नाही, हे ठीक. पण आत्या १९९९ ते २०१६ या काळात हिस्सेदारासारखी वागत होती आणि तिला तसं वागवत होते हे दाखवायला काय आहे?

तेव्हा डबा उघडला म्हणे. आत गणपतीच्या गाड्यांची तिकिटं, दोनतीन फोटो, आजीच्या तेराव्याची यादी, आणि आंतर्देशीय पत्रं. दर मे महिन्यात गावाहून आत्याला आंब्याची पेटी यायची, एसटी पार्सलने, हे आम्हाला सगळ्यांना माहीत होतं, आम्हाला पण यायची. २००९ च्या पत्रात बाबांनी लिहिलं होतं की यंदा मोहोर जळाला, फळ कमी आहे, तरी तुझ्या वाट्याची पेटी पाठवतो आहे, परेलच्या डेपोतून घेऊन जा. मला आत बोलावलं तेव्हा ते पत्र टेबलावर होतं आणि 'वाट्याची' या शब्दाखाली पेन्सिलने रेघ होती. बाबांचं अक्षर. ते वाटा म्हणजे कायद्यातला वाटा म्हणून काही लिहीत नव्हते, आपण बोलतो तसं लिहिलं. बाईंनी पण सांगितलं, एवढ्याने केस जिंकत नाही, पण अशी पंधरा वर्षांची पत्रं आणि पेट्या असतील तर २०१६ पर्यंत हिला बाहेर काढलं नव्हतं हे बोलतं. पत्रं लॅमिनेट करू नका, नुसती प्लॅस्टिकमध्ये ठेवा, हे तीनदा सांगितलं. आत्या लॅमिनेट करायलाच निघाली होती.

मग प्रश्न आला सहीचा, आणि इथे माझ्या पोटात गोळा आला. कधी कुठल्या कागदावर सही केलीय का? आत्या म्हणाली केलीय, १९९९ च्या आसपास, मोठ्या भावाने आणला होता कागद, रेशन कार्डातून नाव कमी करायचंय म्हणून. मोठा भाऊ म्हणजे बाबा. बाई म्हणाल्या तो रेशनचाच असेल, पण हक्कसोड पत्र निघालं तर सगळं बदलतं. रजिस्टर्ड हक्कसोड असेल तर आधी ते रद्द करून घ्यावं लागतं, आणि त्याला आर्टिकल ५९, तीनच वर्षं, फसवणूक कळली तिथपासून. म्हणजे आज कळलं तर आजपासून तीन, पण 'आज कळलं' हे पटवावं लागतं. रजिस्टर नसेल तर जमिनीच्या बाबतीत तो कागद फारसा कामाचा नाही. त्यामुळे पहिलं काम, राजापूरच्या दुय्यम निबंधक कार्यालयात जाऊन सूची क्रमांक दोनचा, म्हणजे रजिस्टर झालेल्या दस्तांच्या यादीचा, शोध घ्या, मग पुढचं बोलू. ऑनलाइन बघू नका, इतकं जुनं तिथे मिळेलच असं नाही. सातबारा मात्र ऑनलाइन पंधरा रुपयांत डिजिटल सहीचा मिळतो तो काढा.

मी गेलो राजापूरला. एक दिवस रजा टाकून, रात्रीच्या कोकणकन्येने. हक्कसोड नव्हतं. त्या खिडकीवरून बाहेर आलो आणि समोरच्या टपरीवर दोन वडापाव खाल्ले, तसे मी तेलकट खात नाही. बाबांनी तेवढं तरी केलं नव्हतं.

मुलीचा हक्क आहे का नाही यावर बाईंनी फार वेळ घालवला नाही, बरं केलं, ते आता बऱ्याच लोकांना माहीत असतं. तरी थोडक्यात. आत्याला तिच्या सासरच्यांनी कायम सांगितलेलं की महाराष्ट्राचा १९९४ चा कायदा फक्त २२ जून १९९४ ला बिनलग्नाच्या असलेल्या मुलींना, तुझं लग्न आधीचं, तुझं काही नाही. ते तेव्हा बरोबर होतं. पण ९ सप्टेंबर २००५ पासून हिंदू वारसा कायद्यात केंद्राची दुरुस्ती आली, त्यात लग्नाचा संबंध नाही, आणि ११ ऑगस्ट २०२० ला सुप्रीम कोर्टाने विनीता शर्मा केसमध्ये सांगून टाकलं की वडील २००५ ला हयात असण्याची पण गरज नाही. आणि आजोबांची स्वकमाई असेल तर १९५६ च्या त्याच वारसा कायद्याने मुलगी तशीही पहिल्या वर्गातली वारस होतीच. कसंही धरा, चार भावंडं, चौथा वाटा. फक्त २० डिसेंबर २००४ च्या आधी रीतसर वाटणी झालेली असेल तर ती उकरता येत नाही, आमच्याकडे वाटणी झालेलीच नव्हती, नुसती नोंद.

एक गोष्ट मात्र मला नवीन होती. २००५ पर्यंत मुलीला राहत्या घराची वाटणी मागताच येत नव्हती, भावांनी आधी आपसात वाटणी करायचं ठरवलं तरच. वारसा कायद्याचं कलम २३, २००५ ला काढून टाकलं. म्हणजे 'इतकी वर्षं गप्प का बसलीस' असं जे काका विचारतात त्याचं अर्धं उत्तर कायद्यातच होतं.

मग आत्याने हळूच लालबागच्या खोलीचं विचारलं. आजोबांची पागडीची खोली, दहा बाय बारा, आता तिथे टॉवर होतोय आणि मधल्या काकांना फ्लॅट मिळणार आहे. मला वाटलं आता बाई खूश होतील, मुंबईचा फ्लॅट म्हणजे मोठी केस मोठी फी. बाई म्हणाल्या, तिच्या मागे लागू नका. पागडीची खोली ही आजोबांची मालकी नव्हतीच, भाडेहक्क. १९९८ ला १९४७ चा जुना बॉम्बे रेंट ॲक्ट होता, नवीन भाडे कायदा ३१ मार्च २००० पासून आला, पण दोन्हीत सूत्र तेच की भाडेकरू गेला तेव्हा त्याच्यासोबत घरात राहणारा कुटुंबातला माणूस पुढचा भाडेकरू. राहत कोण होतं? मधले काका. आत्या विक्रोळीला, बाबा भांडुपला. भाडेपावती काकांच्या नावाने. "तिथे पैसे घालवाल आणि गावची केस पण दमेल." ज्या माणसाने येणारी फी स्वतःहून नको म्हटली त्याला मी पाच स्टार द्यायला बसलो होतो, पण लिफ्ट आणि बाकडं.

अजून एक. बाईंनी सरळ सांगितलं की दावा मी चालवणार नाही. जमीन राजापूरला म्हणजे दावा तिकडच्या कोर्टात, दर तारखेला मुंबईहून वकील नेणं परवडणार नाही, तिकडचा वकील बघा. मी फक्त नोटीस देते आणि तारखांचा हा कागद त्याला द्या. आणि तिकडे गेल्यावर एवढं लक्षात ठेवा म्हणाल्या, दाव्यात आधी प्राथमिक हुकूमनामा होतो, कोणाचा किती हिस्सा, मग प्रत्यक्ष वाटप, घराचं कोर्ट कमिशनरकडून आणि शेतजमिनीचं कलेक्टरमार्फत. दावा वेळेत लावायचा असतो, पण एकदा प्राथमिक हुकूमनामा झाला की अंतिम हुकूमनाम्याच्या अर्जाला मुदत नाही, सुप्रीम कोर्टाने २००९ ला सांगितलंय. म्हणजे घाई आत्ता, नंतर निवांत. नंतर इतकं निवांत होतं की माणसं संपतात, हे पण त्यांनीच सांगितलं, हसून.

आता तक्रारी. पावती मागितल्यावर मिळाली, न मागता नाही. 'कॉज ऑफ ॲक्शन' (ते वरचं दाव्यास कारण), 'ऑस्टर' असे शब्द पहिली दहा मिनिटं धडाधड येतात, आत्याने "बाई मराठीत" म्हटल्यावर बदलल्या, पण आत्यासारखी म्हणणारी सगळी नसतात. ऑस्टर म्हणजे हिस्सेदाराला उघड उघड हुसकून लावणं, एवढंच. आणि एक तक्रार बाईंची नाही माझी स्वतःची. बाईमाणसाला कोर्टातून मोफत वकील मिळतो, उत्पन्न कितीही असो, १९८७ च्या विधी सेवा कायद्याच्या कलम १२ मध्ये आहे, तालुक्याला पण समिती असते, १५१०० वर फोन केला तरी सांगतात. हे मला राजापूरच्या कोर्टाच्या भिंतीवरच्या बोर्डावरून कळलं. अडीच हजार वाचले असते का? वाचले असते. पण मोफत मिळणाऱ्या वकिलासमोर पण तारखांचा कागद लागलाच असता, आणि तो काढायला कोणीतरी आत्याला ती पडवी परत आठवायला लावायला पाहिजे होती, आणि मी ते केलं नसतं. मला ठाऊकच नव्हतं विचारायचं असतं ते.

जाणार असाल तर एवढं करा. माणूस कधी गेला, नोंद कधी झाली, शेवटचं तिथे कधी राहिलात, हिस्सा म्हणून शेवटचं काय मिळालं, आणि 'नाही' कोण कधी कोणासमोर म्हणालं, हे घरीच लिहून न्या. सव्वा तासातली वीस मिनिटं आमची नातू कधी झाला यात गेली. आणि ज्याचा सातबाऱ्यावर हिस्सा आहे अशा भाच्या-पुतण्याला बरोबर नेलंत तर त्याला बाहेर बसायची सवय करून न्या.

नोटिशीचे वेगळे चार हजार घेतले. मागच्या शनिवारी दुपारी पोस्टमन आला, स्पीड पोस्ट, माझ्या नावाने, आईच्या नावाने आणि बहिणीच्या नावाने तीन वेगळी पाकिटं. आत्या तेव्हा आमच्याकडेच होती, आईबरोबर स्वयंपाकघरात नारळ खवत. मी पाकीट फोडलं, वर लिहिलेलं, आमच्या पक्षकार यांच्या सूचनेवरून आपणांस कळविण्यात येते की. आत्या हात पुसत बाहेर आली, माझ्या खांद्यावरून वाचत राहिली आणि म्हणाली, "तुझ्या नावात ऱ्हस्व वेलांटी चुकलीय बघ. बाईंना फोन कर."